हुमले आणि ती दुसरी

राणीच्या बागेतील जुन्या वृक्षांखाली दुपारी निवांत बसण्याचे सुख सर्वस्वी निर्धोक नसते. परवा बाकावर टेकून वर्तमानपत्र उघडले, सदऱ्याची कॉलर सारखी करायला मानेकडे हात नेला आणि तेथे अशी आग उठली की पलीकडच्या टोकाला पेंगणारे गृहस्थही दचकून जागे झाले. बोटांना लागली ती एक सडपातळ, लांबट मुंगी. डोके काळे, पोट काळे आणि मधला भाग तांबूस नारिंगी. शास्त्रात तिला टेट्रापोनेरा रुफोनायग्रा म्हणतात. झाडाच्या वाळलेल्या, पोकळ लाकडात तिचे घर असते आणि खोडावर ती बहुधा एकटीच, लगबगीने चढउतार करताना दिसते. हिला खरीखुरी नांगी असते, आणि कपड्याखाली चेंगरली की ती वापरायला ही मुंगी जराही वेळ लावत नाही.

आमचे लहानपण हुमल्यांच्या, म्हणजे झाडावर पाने जोडून घरटी करणाऱ्या तांबड्या मुंग्यांच्या, सहवासात गेले. पार्ल्याच्या वाडीतील आंब्यावर त्यांची पानांची हिरवी घरटी लोंबत असत आणि कैऱ्यांच्या दिवसांत झाडावर सत्ता त्यांचीच चाले. दुपारी मोठी माणसे झोपली की खालच्या फांदीवर पोटावर पडून मी त्यांचे बांधकाम पाहत असे. एकीच्या कमरेला दुसरीने, दुसरीच्या कमरेला तिसरीने धरून मुंग्यांची साखळी तयार होई आणि ती दोन पानांच्या कडा तसूतसूने जवळ ओढी. मग आतून काही मुंग्या आपल्याच अळ्या जबड्यात धरून येत. अळी या कडेला टेकवायची, लगेच त्या कडेला, पुन्हा या कडेला, असे विणकराच्या धोट्याप्रमाणे चालू राही. अळीच्या तोंडातून रेशमाचा बारीक धागा निघे आणि पाने सांधली जात. हे पाहण्यात रंगून कोपर चुकून घरट्याला लागले, की पुढचे शिक्षण सुरू होई.

हुमल्याला नांगी नसते. तो जबड्याने कातडी पकडतो आणि पोट पुढे वळवून त्या जखमेवर फॉर्मिक आम्ल सोडतो. ओढून काढावा तर धड हातात येते आणि डोके तेथेच चिकटून राहते. असे असले तरी हुमल्यांबद्दल मला आजही आदर आहे, कारण ते आधी इशारा देतात. घरट्याजवळ गेले की सारा जमाव पोटे वर करून, जबडे उघडून सामोरा येतो. त्यानंतरही हात पुढे करणाऱ्याने तक्रार कसली करावी? आमचे मामा बंबातली राख हातापायांना चोळून झाडावर चढत आणि निम्म्या कैऱ्या उतरेपर्यंत तरी शाबूत राहत. दक्षिण चीनमधील बागाईतदार तर संत्र्या-लिंबांवरची कीड खाण्यासाठी याच मुंग्यांची घरटी बाजारातून विकत आणत, असा उल्लेख इसवी सन 304 च्या सुमाराचा सांगितला जातो. आमच्या वाडीत कोणी पैसे मोजून हुमले आणले असते, तर त्याला बिऱ्हाड बदलावे लागले असते.

जस्टिन श्मिट या अमेरिकी कीटकशास्त्रज्ञाने मात्र अशा दंशांचा बाकायदा हिशेब मांडला. त्याने स्वतःच असंख्य कीटकांचे डंख सोसले आणि 1 ते 4 अशी वेदनेची श्रेणी लावली. मधमाशी 2 वर. दक्षिण आणि मध्य अमेरिकेच्या जंगलांत झाडाच्या बुंध्याशी घर करून उंच फांद्यांवर भक्ष्य शोधणारी बुलेट मुंगी 4 च्याही वर. तिच्या डंखाची कळ दिवसभर टिकू शकते. ब्राझीलमधील सातेरे-मावे जमातीची मुले वयात येताना याच मुंग्या विणलेल्या हातमोज्यांत हात घालतात. 2015 साली श्मिटला या कामासाठी इग नोबेल मिळाले. आधी हसवणाऱ्या आणि मग विचार करायला लावणाऱ्या संशोधनाला हे पारितोषिक देतात, म्हणजे लोक आधी हसले. माझ्या श्रेणीत हुमला दीडावर आहे आणि मानेवरची ती अडीचवर. तिच्याबद्दल मला काडीचे प्रेम नाही.

तथापि या श्रेणीत एक गोष्ट मोजलीच जात नाही. कळ किती मोठी आणि धोका किती मोठा, यांचा एकमेकांशी संबंध असतोच असे नाही. ज्या मुंगीमुळे मी अर्धा तास मान चोळत बसलो, तिच्याच डंखाने थायलंडमध्ये काही जणांना तीव्र अ‍ॅलर्जी होऊन रुग्णालय गाठावे लागल्याची नोंद आहे. गेल्या पावसाळ्यात आमच्या इमारतीतला एक मुलगा झाडाखाली खेळता खेळता ओरडत वर आला. कोणती मुंगी होती ते कोणी पाहिले नव्हते. थोड्याच वेळात अंगभर गांधी उठल्या, ओठ सुजले, श्वास लागला. आजीने चुन्याची डबी मागितली, आईने रिक्षा बोलावली. आईचे बरोबर होते.