तुम्ही विचारलंत म्हणून: त्रिएस्तेच का?

इटालियन सिनेमाचा विषय निघाला की लोक हमखास विचारतात, तुमचा आवडता नट कोण, आणि मी मास्त्रोयानीसारख्या बड्या स्टारचं नाव न घेता लिओपोल्डो त्रिएस्ते म्हटलं की पुढचा प्रश्न ठरलेला, हा कोण?

अहो, बघितलाय तुम्ही त्याला. 'गॉडफादर'चा दुसरा भाग आठवा. कुत्रा पाळला म्हणून एका बाईला घर सोडायला सांगितलेलं असतं, पुढे माफिया डॉन होणारा तरुण व्हिटो तिच्यासाठी घरमालकाकडे शब्द टाकतो आणि घरमालक व्हिटोला रस्त्यावरच झिडकारतो. मग व्हिटो कोण ते त्याला कळतं आणि तो स्वतःच व्हिटोच्या ऑफिसात हजर, जुनंच भाडं ठेवतो म्हणतो, मग पाच डॉलर कमी, मग दहा, आणि जायला निघतो तर दारच उघडेना. हिसके देतोय, दार हलत नाही, शेवटी दुसऱ्या कुणाला तरी ते उघडून द्यावं लागतं. त्या हिसक्यांत त्याची भीती जेवढी दिसते तेवढी पानभर डायलॉग लिहूनही दिसली नसती.

तो घरमालक म्हणजेच त्रिएस्ते. 'सिनेमा पॅरादिसो'त रिकाम्या थिएटरमध्ये बसून पडद्यावर चुंबन आलं की ते कापायला लावण्यासाठी घंटी वाजवणारा पाद्रीही तोच!

१९१७ चा जन्म, रेज्जो कॅलाब्रियाचा, आणि मूळचा नाटककार. दिग्दर्शक फेलिनीने त्याला १९५२ मध्ये 'द व्हाइट शेख'मध्ये चक्क मुख्य रोल दिला, हनिमूनला रोममध्ये बायको हरवलेल्या नवऱ्याचा, आणि हा नवरा नातेवाइकांना सांगत फिरतो की तिला बरं नाहीये. चेहरा असा की आता रडेल, पण अब्रू सांभाळायची म्हणून रडत नाही. पुढे पन्नास वर्षं त्याने बहुतेक छोटे रोलच केले, पण त्या माणसांची अब्रू तितक्याच जिवापाड सांभाळली, म्हणून तो मला एवढा जवळचा वाटतो. दिग्दर्शक पिएत्रो जेर्मीच्या १९६४ च्या 'सिड्युस्ड अँड अबँडन्ड'मध्ये त्याने कफल्लक झालेला बॅरन केला, त्यासाठी सहाय्यक अभिनेत्याचा नास्त्रो द'अर्जेंतो हा इटलीतला सिनेपुरस्कार मिळाला.

पण तुम्ही सुरुवात फेलिनीच्याच १९५३ च्या 'इ वितेल्लोनी'पासून करा. त्यात त्याच्या पात्राचं नावही लिओपोल्डोच आहे आणि ते पात्रही नाटकं लिहितं. गावात आलेल्या एका म्हाताऱ्या नटाला तो आपलं नाटक वाचून दाखवतो, मित्र पोरींच्या मागे निघून जातात तरी हा वाचतोच आहे. बघा आणि मला सांगा.