कपाखालची वाफ

वाफाळत्या चहाचा कप पॉलिशच्या टेबलावरून उचलला की खाली एक धुरकट डाग उरतो. घराघरांत त्यावर लगेच फडकं फिरतं. रशियन दिग्दर्शक आंद्रेई तारकोव्हस्कीने मात्र ‘झेर्कालो’त, म्हणजे ‘आरसा’ या १९७५च्या चित्रपटात, तो डाग विरेपर्यंत नजर हलवली नाही.

मॉस्कोतल्या घरात इग्नात हा मुलगा एकटा असतो. टेबलाशी चहा घेत बसलेली एक अनोळखी बाई त्याच्याकडून वहीतलं कवी पुश्किनचं पत्र मोठ्याने वाचून घेते. दाराची घंटा वाजते, तो उघडून येतो, तर बाई नाही, कपही नाही. आहे फक्त तो डाग, आणि तोही आटत चाललेला. भुताचा याहून स्वस्त पुरावा सिनेमात क्वचितच सापडेल.

स्वस्त, पण सोपा नाही. कपाच्या बुडाशी कोंडलेली वाफ थंड पृष्ठभागावर बारीक थेंबांनी जमते. कप फार वेळ राहिला तर लाकूडच तापतं आणि डाग धरत नाही. कच्चं लाकूड पाणी पिऊन टाकतं. तेलकट बोट लागलेलं असेल तर थेंब फुटके जमतात. गडद, चकचकीत लाकूड आणि तिरपा उजेड असला तरच तो नीट दिसतो. आटायला लागतात काही सेकंद, आणि ते किती हे ठरवते खोलीतली हवा. दिग्दर्शकाच्या हाती उरतं थांबणं.

या माणसाची सगळी कला त्या थांबण्यात आहे. सोव्हिएत दिग्दर्शक आयझेनस्टाइनच्या परंपरेत दोन शॉट एकमेकांवर आपटून अर्थाची ठिणगी पाडायची. तारकोव्हस्कीला ते मान्य नव्हतं; त्याच्या मते लय कात्रीत नसते, शॉटच्या आत वाहणाऱ्या काळात असते. ‘झेर्कालो’त शॉट जेमतेम दोनशे. तरी संकलनात चित्रपट उभा राहीना. वीसेक वेळा क्रम बदलल्यावर जुळला. म्हणजे कात्री त्यालाही चुकली नाहीच! त्याच चित्रपटासाठी त्याने लहानपणी पाहिलेलं बकव्हीटचं (कुट्टूचं) शेत मुद्दाम पेरून घेतलं. तिथे आता हे पीक येत नाही, असं गावकरी सांगत होते. ते फुललं.

शॉट फसला तर डाग पुसून कप पुन्हा ठेवता येतो. ‘नॉस्टॅल्जिया’त (१९८३) नट ओलेग यान्कोव्हस्की उपसलेल्या कुंडातून पेटती मेणबत्ती नेतो, कोटाच्या आडोशाने, तळहाताच्या आडोशाने. ज्योत दोनदा विझते, दोनदा तो काठाशी परततो, आणि हे सगळं नऊएक मिनिटांच्या एकाच शॉटमध्ये. मेणबत्तीही पुन्हा पेटवता येते.

घराचं तसं नाही. शेवटच्या ‘सॅक्रिफाइस’मध्ये (१९८६) स्वीडनच्या गॉटलंड बेटावर उभारलेलं घर एका सलग शॉटमध्ये जाळायचं होतं. छायाचित्रकार स्वेन निक्विस्ट. घर पेटलं, आणि ऐन वेळी कॅमेरा अडकला. राख झाली, शॉट मिळाला नाही. घर पुन्हा बांधलं, पुन्हा पेटवलं. या खेपेला कॅमेरे दोन होते.