प्लझेनच्या तळघरातलं लोणी

वाळूजच्या एका बिअर कारखान्यात मी गुणवत्ता तपासणीचं काम करतो. टँकमधली बिअर पुढे फिल्टरला सोडायची की नाही, हे ठरवताना आम्ही डायअसेटिल आधी बघतो. आंबवण्यात यीस्ट हा पदार्थ तयार करतं आणि पुरेसा वेळ दिला की तेच तो पुन्हा शोषून घेतं. जास्त उरला तर बिअरला लोण्याचा वास येतो. असा टँक आम्ही थांबवतो.

कंपनीने यंत्रं बघायला युरोपात पाठवलं होतं, तेव्हा एक दिवस चेक प्रजासत्ताकातल्या प्लझेनसाठी मागून घेतला. पिल्सनर उर्केल या बिअर कारखान्याच्या थंडगार तळघरात ओकच्या पिंपातून थेट काढलेली, न गाळलेली बिअर हातात आली. पहिल्याच घोटाला मी थबकलो. लोणी! मंद, पण स्पष्ट.

ज्या बिअरवरून जगभरच्या सोनेरी लागर, म्हणजे थंडीत मुरवलेल्या बिअर घडल्या, तिच्यात मला हे सापडत होतं.

या गावाने वाईट बिअर सोसलेली आहे. 1838 मध्ये इथे 36 पिंपं खराब ठरवून नगरभवनासमोर ओतून दिली होती. मग बिअर बनवण्याचा हक्क असलेल्या नागरिकांनी एकत्र येऊन स्वतःचा कारखाना बांधला आणि बव्हेरियातून योसेफ ग्रोल या ब्रूअरला आणलं. 5 ऑक्टोबर 1842 ला त्याने पहिला घाणा घातला, तेव्हा तो अवघा 29 वर्षांचा होता. हलक्या आचेवर वाळवलेलं फिकट माल्ट (मोड आणलेलं सातू), झातेत्स या चेक गावाकडचे सुगंधी हॉप्स (बिअरला कडवटपणा देणारी फुलं), तळाशी बसणारं लागर यीस्ट आणि प्लझेनचं मऊ पाणी. या पाण्याचा मला हेवा वाटतो. त्यात कॅल्शियम लिटरला जेमतेम 10 मिलिग्रॅमच्या आसपास. आम्ही मात्र आधी आरओने क्षार काढतो आणि मग हवे तेवढे मोजून परत घालतो.

मॅशचा, म्हणजे भरडलेलं माल्ट आणि गरम पाणी यांच्या मिश्रणाचा, काही भाग बाजूला काढायचा, तांब्याच्या भांड्यात थेट आचेवर उकळायचा, परत मिसळायचा, आणि हे तीनदा करायचं, ही रीत तिथे आजही चालते. इंधन आणि वेळ यांचा हिशेब करणारा आमच्याकडचा कुणीही याला मंजुरी देणार नाही. पण फिकट माल्टमधून एवढी भरीव चव येते ती त्यामुळेच, असं माझं ठाम मत झालं.

लोण्याबद्दल मी सोबतच्या ब्रूअरला विचारलं. तो म्हणाला, त्यांच्या यीस्टची ती ओळख आहे आणि ती जपलेली आहे. 1990 च्या दशकात कारखाना स्टीलच्या टँकांवर गेला, तरी थोडी बिअर अजून जुन्या पद्धतीने लाकडी पिंपांत मुरवतात आणि तिच्याशी नव्या बिअरची चव ताडून बघतात. त्यासाठी पिंपं दुरुस्त करणारे आणि त्यांना आतून डांबरासारख्या राळेचा लेप देणारे कारागीर कारखान्यात अजून नोकरीला आहेत. एका चवीसाठी एवढा खर्च करणाऱ्या लोकांबद्दल मला मनापासून आदर वाटला.

वाळूजला असा टँक मी पुढेही थांबवीन. आमच्या बिअरमध्ये ही चव कधी नव्हती आणि आमच्या गिऱ्हाइकाला ती नको आहे.

वर येऊन कारखान्याच्या उपाहारगृहात स्टीलच्या टँकमधली बिअर मागवली. ती जास्त स्वच्छ, जास्त तरतरीत. पिंपातली किंचित गोलसर होती. लोणी मात्र दोन्हीकडे होतं.