चकव्याची प्रकाशयोजना

एकांकिकेतला 'चकवा' अरबी समुद्राच्या तळाशी आहे, दोनशे मीटर खोल. अर्थात लेखकाच्या डोक्यातला. त्या पट्ट्यात उतरलेल्या पाणबुड्याला साथीदाराच्या आठवणी आपल्याच वाटायला लागतात. घरी कोण वाट बघतंय, आई कुणाची वारली, सगळी अदलाबदल. सोलापुरात, भर मे महिन्यात, त्याची रंगीत तालीम होती आणि लाईट माझ्याकडे होते.

दिग्दर्शकाला चकव्यात जांभळा, गुलाबी, हिरवा असे फिरते रंग हवे होते. मी नाही म्हटलं. समुद्रात खरोखर माणसाची बुद्धी फिरते, पण ती अशी वरातीतल्या डीजेसारखी वाजतगाजत नाही. साध्या हवेवर श्वास घेणारा पाणबुड्या तीस मीटरच्या आसपास गेला की नायट्रोजनची गुंगी जाणवू लागते. दर दहा मीटरला दाब एका वातावरणाने, म्हणजे जमिनीवरच्या हवेच्या दाबाइतका, वाढतो. जमिनीवरचा एक धरून तीस मीटरवर एकूण चार. त्यात नायट्रोजनचा वाटा तीनच्या वर जातो. साधा हिशेब चुकतो, एकच विचार डोक्यात अडकून बसतो, नको तेवढा आत्मविश्वास येतो. आणि ज्याला ती चढते त्याला आपण ठीकच आहोत असं वाटत असतं. वर आलं की काही मिनिटांत उतरते. म्हणून आमचा चकवाही प्रेक्षकाच्या नकळत चढायला हवा होता.

आधी संहितेत एक दुरुस्ती करावी लागली. मूळ लेखनात तिघं पाणबुडीतून उतरत होते. पाणबुडीच्या आत दाब जमिनीवरच्याइतकाच राहतो, तिथे दाबाचा परिणाम होणार कसा? त्याऐवजी डायव्हिंग बेल घेतली, म्हणजे पाणबुड्यांना खाली सोडायची दाबाखालची कोठी. दोनशे मीटरला तिच्या आतही एकवीस वातावरणांचा दाब, आणि श्वासाला हेलियम-ऑक्सिजनचं मिश्रण. हेलियमने गुंगी येत नाही, पण दीडशे मीटरच्या पुढे, विशेषतः दाब घाईने वाढवला तर, हात थरथरतात. ती थरथर नटांना आयती मिळाली. हेलियम शरीरातली ऊबही झपाट्याने ओढून घेतं, म्हणून खऱ्या पाणबुड्यांच्या सूटमधून गरम पाणी फिरवतात. आमची पोरं त्या रबरी सूटमध्ये घामाने निथळत थंडीचा अभिनय करत होती. सोलापूरच्या मे महिन्यात यापेक्षा अवघड भूमिका नसेल. हेलियममुळे होणारा चिरका आवाज मात्र काढूनच टाकला. प्रेक्षक हसतात आणि प्रसंग गेला.

आता लाईट. पाण्यात लाल रंग सगळ्यात आधी मरतो, पहिल्या पाच-दहा मीटरमध्येच. दोनशे मीटरवर तर जवळजवळ काळोखच. पण नटांचे चेहरे दिसायला हवेत, म्हणून निळा ठेवला. ती रंगमंचाची तडजोड. नाट्यगृहातल्या हॅलोजन पारला, म्हणजे स्टेजवरच्या झोताच्या दिव्याला, काँगो ब्लू नावाचं गडद निळं जिलेटिन, म्हणजे रंगीत पारदर्शक कागद, लावून पाहिलं. दोन अडचणी आल्या. त्यातून एक टक्काही उजेड बाहेर येत नाही, आणि जो येतो त्यात टोकाचा लालही मिसळलेला असतो. रंग जांभळट दिसतो, लाल कापड मरत नाही. दिवा मंद केला की फिलामेंट आणखी तांबूस होते आणि निळा पार संपतो. म्हणून एलईडी पार घेतले. त्यात प्रत्येक रंगाचा वेगळा चॅनेल असतो, मी फक्त निळा चालवला. त्यात लाल मुळातच नसतो.

एलईडीची वेगळी खोड. एका चॅनेलला शून्यापासून दोनशे पंचावन्नपर्यंत पायऱ्या. पांढरा उतरवून निळा उरवायला सहा मिनिटं घेतली, तर एकेक पायरी सुमारे दीड सेकंदाची पडते. भरपूर उजेडात ती कळत नाही, मंद उजेडात मात्र झटके दिसतात. उपाय दोन. पांढरं एलईडीवर न ठेवता हॅलोजनवर ठेवलं, कारण फिलामेंट हळू थंड होते आणि पायऱ्या गिळून टाकते. निळे दिवे जोडीजोडीने थोड्या अंतराने सुरू केले, म्हणजे सगळ्यांची पायरी एकदम पडत नाही. स्मोक मशीन चालू असताना पंखे बंद ठेवावे लागले. नाहीतर धूर विंगेत जातो आणि झोत दिसत नाहीत. त्यावर नटांनी काय तोंडसुख घेतलं ते इथे लिहीत नाही.

चकव्याच्या प्रसंगात दोन पाणबुड्यांच्या कमरेला अंबिलिकल होती, म्हणजे श्वासाची नळी, गरम पाणी आणि बोलण्याची तार असा एकत्र जुडगा. एकाची लाल, दुसऱ्याची काळी. धोका कळला की नायकाने स्वतःची लाल नळी सोडवून मित्राला द्यायची होती. सहा मिनिटांत पांढरं कधी संपलं हे समोर बसलेल्या कुणालाच कळलं नाही. डोळे निळ्याला सरावले होते. नायकाने हात घातला आणि सोडवली ती मित्राची, काळी. पुढचं वाक्यही ठणकावून म्हटलं, "माझी घे, मला लागत नाही." मित्र क्षणभर गप्प, मग वैतागून, "लाल कुठली तेच दिसंना झालंय बे!"

दोन्ही नळ्या तेव्हा सारख्याच काळ्या दिसत होत्या. लाल वस्तूवर पडायला लाल प्रकाशच नव्हता. दिग्दर्शक उठून उभा राहिला आणि म्हणाला, हेच ठेवा. त्यामुळे शेवट बदलला. आता नायक चुकीची नळी सोडवतो, मित्र कोसळतो, आणि तिसरा पाणबुड्या टॉर्च लावतो.

त्या टॉर्चवर माझी उरलेली दुपार गेली. थंड, म्हणजे निळसर पांढरी टॉर्च लावली तर निळ्यातला बदल कमी जाणवतो. म्हणून पिवळसर पांढरी घेतली. निळ्याला सरावलेल्या डोळ्यांना ती जवळपास केशरी भासते. झोत अरुंद, नळीपासून हातभर अंतरावरून, थेट नायकाच्या मुठीवर. त्या झोतात रिकाम्या मुठीखाली त्याच्या कमरेची नळी भडक लाल दिसते. त्याच क्षणी निळे दिवे निम्म्यावर उतरवायचे, नाहीतर लाल पुरेसा उठत नाही. ही खूण दिवा चालवणाऱ्याने टॉर्च बघून घ्यायची. संवादावर घेतली आणि नटाने वाक्य आधी टाकलं, तर लाल दिसण्याआधीच मंच अंधारतो.