आर्नो मासी: तारल्यांच्या होडीवरून हॉयलेकपर्यंत

गोल्फच्या ब्रिटिश ओपन स्पर्धेत एखादा फ्रेंच खेळाडू पहिल्या दिवशी वर दिसू लागला, की समालोचक हमखास सांगतात: १९०७ साली आर्नो मासी जिंकला, त्यानंतर कुणी फ्रेंच जिंकलेला नाही. एवढं बोलून ते पुढच्या फटक्याकडे वळतात. मासीची आठवण अशी एका वाक्यात आटोपते, याचं मला मनापासून वाईट वाटतं. कारण तो आधी कॅडी, म्हणजे खेळाडूंच्या बॅगा उचलणारा होता, आणि कॅडीच्या घरात वाढलेल्या माणसाला हा भाग सोडून पुढे जाता येत नाही.

मासी बास्क, फ्रान्स-स्पेनच्या सीमेवरच्या लोकांपैकी. १८७७ साली फ्रान्समधल्या बियारिट्झला जन्मला. बाप मेंढपाळ, आणि पोरगा तारल्या पकडणाऱ्या होडीवर कामाला. थंडी चुकवायला येणाऱ्या इंग्रजांनी १८८८ मध्ये तिथल्या दीपगृहाशेजारी गोल्फचं मैदान काढलं. जोडधंदा म्हणून मासी तिथे साहेबांच्या बॅगा उचलू लागला.

माझे बाबा चेंबूरच्या गोल्फ कोर्सवर कॅडी होते. त्यामुळे पुढचं मला पुस्तकातून शिकावं लागलं नाही. बॅग उचलणारा पोरगा दिवसभर दुसऱ्याचा खेळ बघतो. वारा कुठून येतोय, ग्रीनचा, म्हणजे खळग्याभोवतीच्या गुळगुळीत हिरवळीचा, उतार कुठे आहे, साहेबाने कुठला क्लब, म्हणजे कुठली काठी, मागायला हवा होता आणि कुठला मागितला, हे सगळं त्याला कळत असतं, फक्त फटका मारायची मुभा नसते. बाबांना ती सोमवारी मिळायची, मैदान सभासदांना बंद असताना. आपला अली शेर दिल्लीत याच वाटेने वर आला आणि १९९१ मध्ये इंडियन ओपन जिंकणारा पहिला भारतीय व्यावसायिक ठरला. ती बातमी बाबांनी अख्ख्या चाळीला सांगितली होती.

मासीचं नशीब असं की त्याचा खेळ बघून १८९८ मध्ये त्याला स्कॉटलंडला, नॉर्थ बेरिकला धाडण्यात आलं. तिथे बेन सेयर्ससारखा मुरलेला व्यावसायिक खेळाडू गुरू मिळाला, बायकोही त्याच गावची मिळाली. १९०२ मध्ये तो इंग्लंडमधल्या हॉयलेकला पहिल्यांदा ओपन खेळला आणि पहिल्या दहांत आला. त्या काळी या स्पर्धेवर हॅरी वॉर्डन, जे. एच. टेलर आणि जेम्स ब्रेड या तिघांचं राज्य होतं. १८९४ ते १९१४ या एकवीस वर्षांत सोळा वेळा करंडक या तिघांपैकीच कुणाच्या तरी घरी गेला. १९०६ मध्ये पॅरिसजवळच्या ला बुलीला पहिली फ्रेंच ओपन झाली. हे तिघेही आले होते, आणि मासी जिंकला.

पुढच्या वर्षी, जूनमध्ये, पुन्हा हॉयलेक. समुद्रकाठचं उघडं मैदान, त्यात वादळी वारा. आजच्या खेळाडूंचे आकडे बघणाऱ्याला मासीच्या चार फेऱ्यांतले फटके जास्त वाटतील: ७६, ८१, ७८, ७७. त्या वाऱ्यात मात्र याहून कमी फटक्यांत कुणालाच जमलं नाही. तीन फेऱ्यांनंतर टेलर एका फटक्याने पुढे होता. शेवटच्या फेरीत त्याला ८० लागले आणि मासी ३१२ वर, दोन फटक्यांनी जिंकला. बिस्केच्या उपसागरात होडीवर राबलेल्या माणसाला तो वारा नवा नव्हता, असं मला ठामपणे वाटतं. ब्रिटनबाहेरचा माणूस ही स्पर्धा पहिल्यांदाच जिंकत होता. बक्षीस घेताना तो ‘व्हिव लाँताँत कॉर्दियाल’ म्हणाला, म्हणजे ‘ही दिलजमाई चिरायू होवो’. फ्रान्स-इंग्लंडची ती दिलजमाई १९०४ मधली, तेव्हा ताजीच होती. त्याच सुमारास त्याला मुलगी झाली. तिच्या नावात त्याने हॉयलेक घातलं!

युरोपच्या मुख्य भूमीवरून पुढचा विजेता यायला १९७९ उजाडलं. तो स्पेनचा सेवे बायेस्तेरोस, तोही कॅडी म्हणून मैदानावर आलेला. फ्रेंचांच्या वाट्याला मात्र १९९९ ची स्कॉटलंडमधल्या कार्नूस्टीची ओपन आली. तीन फटक्यांची आघाडी घेऊन शेवटच्या होलवर, म्हणजे मैदानाच्या शेवटच्या टप्प्यावर, आलेला झाँ व्हान द व्हेल्ड तिथे सात फटके घेऊन बसला आणि बरोबरी सोडवणाऱ्या जादा खेळात, प्ले-ऑफमध्ये, हरला. ओढ्यात पँट वर दुमडून उभा असलेला त्याचा फोटो जगाला पाठ आहे. मासीचा एखादा फोटो किती जणांनी पाहिलाय?

आणि १९०७ हे काही त्याचं सर्वस्व नव्हे. १९११ मध्ये इंग्लंडमधल्या सँडविचच्या ओपनमध्ये तो आणि वॉर्डन ३०३ वर बरोबरीत राहिले. प्ले-ऑफ तब्बल छत्तीस होलची. वॉर्डन मागे वळून बघायला तयार नव्हता. पस्तिसाव्या होलवर मासीने हार मान्य केली. १९१३ मध्ये ला बुलीला फ्रान्सच्या चार व्यावसायिकांनी अमेरिकेच्या चौघांना ६-० ने धुतलं, त्यांतही मासी होता. या सामन्याबद्दल मला कुठे चार ओळींपेक्षा जास्त वाचायला मिळालं नाही, आणि ते अन्यायाचं आहे. अमेरिकेच्या संघात जॉन मॅकडरमॉट होता, ओळीने दोन यूएस ओपन जिंकलेला.

मग महायुद्ध. मासी फ्रेंच सैन्यात गेला, व्हर्दनच्या लढाईत जखमी झाला. बहुतेकांची गोष्ट इथे संपली असती. त्याने १९२५ मध्ये शाँतिईला पुन्हा फ्रेंच ओपन जिंकली, पहिलीनंतर एकोणीस वर्षांनी. १९१२ मध्ये पहिली स्पॅनिश ओपनही त्यानेच जिंकली होती. ती त्याने १९२७ आणि १९२८ मध्ये, पन्नाशीच्या घरात, पुन्हा घेतली.

हे सगळं बाबांना वाचून दाखवलं. हॉयलेक ऐकताना ते नुसते मान डोलवत होते. १९२८ आल्यावर त्यांनी मला थांबवलं आणि विचारलं, “पन्नाशीत? म्हणजे पटिंग जबरदस्त असणार. बघ, कुठे लिहिलंय का.” लिहिलेलं आहे. पटिंगमध्ये, म्हणजे ग्रीनवरून चेंडू होलमध्ये घालण्यात, त्याचा हात धरणारे त्या काळी फार थोडे होते.