रिक्वेस्ट नेमकी जाते कुठून? ब्राउझरमधलं एपीआय टूल निवडतानाचा माझा अनुभव

मला ब्राउझरमध्येच चालणारं एपीआय टूल हवं होतं, म्हणजे सर्व्हरला रिक्वेस्ट (मागणी) पाठवून त्याचं उत्तर तपासायचं साधन. माझ्या अटी साध्या होत्या. पैसे नकोत, खातं उघडायची सक्ती नको, ऑफिसच्या लॅपटॉपवर ॲडमिनचा पासवर्ड लागू नये आणि लोकलहोस्ट:३००० वर (म्हणजे माझ्याच मशीनवर) चालणारा सर्व्हरही तपासता यावा. पहिल्या तीन अटींत बसणारी टूल्स ढिगाने सापडतात. चौथीला बहुतेक गळतात, आणि का गळतात हे समजलं की निवड फारशी अवघड राहत नाही.

सेंड दाबल्यावर रिक्वेस्ट तीन वाटांनी जाऊ शकते: थेट ब्राउझरच्या टॅबमधून, टूलवाल्यांच्या सर्व्हरवरून (म्हणजे प्रॉक्सीतून), किंवा आपल्याच मशीनवरच्या ब्राउझर एक्स्टेन्शनमधून वा एजंट नावाच्या छोट्या प्रोग्रॅममधून. प्रॉक्सीला तुमचा लोकलहोस्ट दिसूच शकत नाही. त्याच्यासाठी लोकलहोस्ट म्हणजे तो स्वतः. शिवाय तुमचं टोकन (ओळख पटवणारी गुप्त किल्ली) परक्या सर्व्हरवरून जातं. रेकबिन असंच आपल्या सर्व्हरवरून रिक्वेस्ट पाठवतं. सार्वजनिक एपीआय पटकन बघायला ते छान आहे, पण प्रॉडक्शनचं (खऱ्या वापरातल्या सिस्टिमचं) टोकन मी तिथे टाकणार नाही. पोस्टमनची वेब आवृत्ती दमदार आहे, पण खातं लागतं आणि लोकलहोस्टसाठी डेस्कटॉप एजंट बसवावा लागतो.

कोणतं टूल कुठली वाट घेतं हे ओळखायची सोपी युक्ती: एचटीटीपीबिन डॉट ऑर्गच्या ‘/गेट’ या पत्त्यावर रिक्वेस्ट पाठवा. उत्तराच्या जेसनमध्ये (माहिती मांडायच्या मजकूर स्वरूपात) ‘ओरिजिन’ नावाचं फील्ड असतं, त्यात रिक्वेस्ट ज्या आयपीवरून आली तो आयपी दिसतो. तोच पत्ता आधी साध्या टॅबमध्ये उघडून बघा. दोन्ही आयपी वेगळे आले तर मध्ये प्रॉक्सी आहे. हे फील्ड आणि ‘ओरिजिन’ हेडर (रिक्वेस्टसोबत जाणारी माहितीची ओळ) यांत गल्लत करू नका. हेडरमध्ये टूलच्या साइटचा पत्ता असतो आणि तो त्याच उत्तरात ‘हेडर्स’खाली दिसतो.

मी हॉपस्कॉचवर स्थिरावलो. हे २०१९ मध्ये पोस्टवुमन नावाने सुरू झालेलं ओपन सोर्स टूल आहे. लॉगिन न करता लगेच वापरता येतं आणि मुख्य म्हणजे सेटिंग्जमधल्या ‘इंटरसेप्टर’मध्ये वाट आपली आपण निवडता येते: ब्राउझर, प्रॉक्सी, एजंट किंवा एक्स्टेन्शन. कर्ल कमांड (टर्मिनलमधून रिक्वेस्ट पाठवायची आज्ञा) जशीच्या तशी इम्पोर्ट होते, त्यामुळे डेव्हलपर टूल्सच्या नेटवर्क टॅबमधून ‘कॉपी ॲज कर्ल’ करून इथे चिकटवलं की हेडर हाताने टाइप करावे लागत नाहीत.

‘ब्राउझर’ वाट निवडली की पहिली ठेच कॉर्सची लागते, म्हणजे एका साइटच्या पानाला दुसऱ्या सर्व्हरचं उत्तर वाचू द्यायचं की नाही हे ठरवणाऱ्या नियमाची. साधी गेट (माहिती मागणारी) रिक्वेस्ट सर्व्हरपर्यंत पोहोचते, सर्व्हरच्या लॉगमध्ये २०० (सगळं ठीक) दिसतो आणि तरी टूल ‘नेटवर्क एरर’ म्हणतं. कारण उत्तरात ‘ॲक्सेस-कंट्रोल-अलाऊ-ओरिजिन’ हेडर नसेल तर ब्राउझर ते उत्तर पानाच्या हाती देत नाही. जेसन बॉडी किंवा ऑथरायझेशन हेडर असेल तर त्याआधीच अडतं: ब्राउझर अगोदर ऑप्शन्स प्रकारची प्रीफ्लाइट, म्हणजे परवानगी विचारणारी, रिक्वेस्ट पाठवतो. या प्रीफ्लाइटमध्ये टोकन कधीच नसतं. सर्व्हरवर टोकन तपासणारा कोड कॉर्सच्या कोडच्या आधी लावलेला असेल तर ऑप्शन्सला ४०१ (ओळख पटली नाही) मिळतो आणि खरी रिक्वेस्ट सुटतच नाही. समोरचा माणूस मात्र टोकन बदलून बदलून थकतो. उपाय म्हणजे कॉर्सचं मिडलवेअर (प्रत्येक रिक्वेस्ट ज्यातून जाते तो मधला कोड) सगळ्यात वर घेणं. ‘अलाऊ-हेडर्स’मध्ये नुसतं ‘*’ चिन्ह टाकून ऑथरायझेशनला परवानगी मिळत नाही, ते नाव स्पष्ट लिहावं लागतं. आणि सर्व्हरने ‘मॅक्स-एज’ दिलं असेल तर प्रीफ्लाइटचं उत्तर ब्राउझर जपून ठेवतो, क्रोममध्ये जास्तीत जास्त दोन तास. सेटिंग बदलूनही वागणं तेच राहिलं तर डेव्हलपर टूल्स उघडे ठेवून ‘डिसेबल कॅश’वर टिक करा.

सर्व्हर आपला नसेल तर हे काहीच हातात नसतं. तिथे एक्स्टेन्शन. क्रोम आणि फायरफॉक्स दोन्हींसाठी हॉपस्कॉचचं एक्स्टेन्शन आहे. ते बसवा, पान रिफ्रेश करा, इंटरसेप्टरमध्ये ‘एक्स्टेन्शन’ निवडा. तुम्ही हॉपस्कॉच स्वतःच्या सर्व्हरवर चालवत असाल तर एक्स्टेन्शनच्या यादीत तो पत्ता भरावा लागतो, नाहीतर टूलला एक्स्टेन्शन सापडत नाही. काही कंपन्यांत एक्स्टेन्शन बसवायलाच बंदी असते. तिथे प्रॉक्सी नको असेल तर आपला सर्व्हर आणि ‘ब्राउझर’ वाट एवढंच उरतं.

घरच्या नेटवर्कवरच्या १९२.१६८ ने सुरू होणाऱ्या पत्त्याची अडचण वेगळी. टूलचं पान एचटीटीपीएसवर आणि तुमचा सर्व्हर साध्या एचटीटीपीवर, म्हणून ब्राउझर मिक्स्ड कंटेंट म्हणून अडवतो. क्रोम आणि फायरफॉक्समध्ये लोकलहोस्टला यातून सूट आहे. नवं क्रोम मात्र बाहेरच्या साइटने स्थानिक नेटवर्कला हात लावण्याआधी परवानगी विचारतं. घाईत ‘ब्लॉक’ दाबलं गेलं असेल तर ॲड्रेस बारच्या डावीकडच्या साइट सेटिंग्जमधून ती परत द्या.

बाकी चुका किरकोळ, पण वेळ खातात. बॉडीचा कंटेंट टाइप निवडायचा राहिला की सर्व्हरला बॉडी रिकामी दिसते किंवा ४१५ (हा प्रकार चालत नाही) येतो. व्हॉट्सॲप किंवा वर्डमधून चिकटवलेल्या जेसनमध्ये वळणदार अवतरणचिन्हं येतात आणि ४०० (रिक्वेस्ट चुकीची) मिळतो. सरळ चिन्हं हाताने टाइप करा. ऑथरायझेशन टॅबमध्ये ‘बेअरर’ प्रकार निवडल्यावर खाली फक्त टोकन टाकायचं, ‘बेअरर’ शब्द पुन्हा नको. क्वेरीत ‘पुणे’ पाठवलं आणि लॉगमध्ये टक्केचिन्हांची रांग दिसली तर घाबरू नका: चार युनिकोड चिन्हं, प्रत्येकी तीन बाइट, म्हणून बारा टक्केचिन्हं. रांगेत ‘%२५’ दिसत असेल तर एन्कोडिंग दोनदा झालंय.

बेस यूआरएल (सगळ्या रिक्वेस्टमध्ये सारखा असणारा पत्त्याचा सुरुवातीचा भाग) आणि टोकन एन्व्हायर्नमेंटमध्ये, म्हणजे टूलमधल्या व्हेरिएबलच्या संचात, ठेवा. दुहेरी कोनी कंसात व्हेरिएबलचं नाव लिहिलं की किंमत आपोआप भरली जाते. टेस्टिंगवरून प्रॉडक्शनवर जाताना फक्त एन्व्हायर्नमेंट बदलायचं.

लॉगिन नसेल तर कलेक्शन्स (जतन केलेल्या रिक्वेस्टचे संच) आणि हिस्टरी त्याच ब्राउझरच्या साठ्यात राहतात. ब्राउझिंग डेटा साफ केला की तेही जातात, आणि खाजगी विंडो बंद केली तरी जातात. म्हणून कलेक्शन जेसन फाइलमध्ये एक्स्पोर्ट करून प्रोजेक्टच्या गिटमध्ये (कोडच्या आवृत्त्या जपणाऱ्या साठ्यात) टाकतो. टाकण्याआधी त्या फाइलमध्ये ‘बेअरर’ शोधून बघावं, कारण हेडरमध्ये थेट चिकटवलेलं टोकन एक्स्पोर्टमध्ये जसंच्या तसं उतरतं.