जकार्ता ते सोलो: दांगदुत ऐकायला जाणाऱ्यांसाठी

इंडोनेशियाला जाणारे बहुतेक मराठी पर्यटक थेट बाली गाठतात आणि तिथूनच परततात. त्यामुळे त्या देशातला सर्वसामान्य माणूस संध्याकाळी काय ऐकतो, कशावर नाचतो आणि कोणत्या चित्रपटाला गर्दी करतो, हे त्यांच्या दृष्टीस पडत नाही. ते पाहायचे तर जावा बेटावर जायला हवे. आम्ही ऑगस्टमध्ये जकार्ता, जोग्जाकार्ता आणि सोलो असा प्रवास केला, तो मुख्यतः दांगदुत या लोकप्रिय संगीतासाठी.

मलय वाद्यवृंद, अरबी चाली आणि हिंदी चित्रपटसंगीत यांच्या मिश्रणातून हे संगीत घडले. 1970 च्या दशकात गायक रोमा इरामा यांनी आपल्या सोनेता या वाद्यवृंदातून त्याला इलेक्ट्रिक गिटारची आणि रॉकची जोड दिली. हिंदी गाण्यांच्या चाली तर इतक्या सर्रास उचलल्या गेल्या, की कित्येकदा दुसऱ्या ओळीला आपण मूळ गाणे गुणगुणू लागतो. लता मंगेशकर यांनीही रोमा इरामांसोबत इंडोनेशियन भाषेत गाणी ध्वनिमुद्रित केली आहेत.

जकार्तात फार दिवस घालवण्याची गरज नाही. 2019 मध्ये सुरू झालेल्या मेट्रोने ब्लॉक एम स्थानकावर उतरावे. नोटा छापणाऱ्या सरकारी कंपनीच्या जुन्या कर्मचारी-वसाहतीत उभे राहिलेले ‘एम ब्लॉक स्पेस’ जवळच असून तिथे नव्या वाद्यवृंदांचे कार्यक्रम होतात. मला मात्र त्याहून ब्लॉक एम स्क्वेअरचे तळघर आवडले, कारण तिथे जुन्या कॅसेटी आणि तबकड्या विकणारी दुकाने आहेत. वेळ असल्यास एखादा इंडोनेशियन भयपट चित्रपटगृहात जरूर पाहावा. 2022 मध्ये गावातल्या भुताटकीवरच्या एका चित्रपटाने तिथे विक्रमी गर्दी खेचली. विशेष म्हणजे त्या देशात चित्रपटाचे यश गल्ल्यावर नव्हे, तर प्रेक्षकसंख्येवर मोजतात.

जकार्ताहून जोग्जाला रेल्वेनेच जावे. गांबिर स्थानकातून सुटणाऱ्या जलद गाड्या साधारण सहा-सात तासांत पोहोचवतात. परदेशी प्रवाशाला पासपोर्ट क्रमांकावर रेल्वेच्या अ‍ॅपवरून तिकीट काढता येते. जोग्जात मालिओबोरो रस्त्यावर बांबूची अंगक्लुंग वाजवणारे ताफे दांगदुतच्याच चाली वाजवताना आढळतात. तेवढे ऐकून उपनगरी विद्युत गाडीने सोलो गाठावे. हा प्रवास तास-सव्वा तासाचा असून आम्हाला भाडे 8,000 रुपिया, म्हणजे एका चहाच्या किमतीएवढे, पडले.

गाडी ज्या सोलो बालापान स्थानकावर थांबते, त्याच्यावरच दिदी केम्पोत यांचे सर्वांत गाजलेले विरहगीत आहे. राष्ट्रभाषेत न गाता जावानीज भाषेत गाणाऱ्या या गायकाला 2019 च्या सुमारास अचानक तरुण चाहत्यांची प्रचंड लाट लाभली. 2020 च्या मे महिन्यात ते वारले, पण आजही फलाटावर कुणीतरी ते गाणे गुणगुणताना भेटते. शहरातच लोकानान्ता ही 1956 मध्ये स्थापन झालेली देशाची पहिली सरकारी ध्वनिमुद्रण संस्था आहे. 2023 मध्ये नूतनीकरणानंतर ती पुन्हा खुली झाली असून आत संग्रहालय, रंगमंच आणि खाण्याची दुकाने आहेत. संग्रहालय दुपारी आणि रंगमंच संध्याकाळी, असा बेत ठेवावा.

खरा आनंद मात्र वस्तीतल्या मांडवात मिळतो. 17 ऑगस्टच्या स्वातंत्र्यदिनानिमित्त गल्लोगल्ली मंच उभे राहतात. आम्ही पाहिलेल्या मंचावर कोप्लो, म्हणजे पूर्व जावातून आलेला दांगदुतचा द्रुत प्रकार, रंगला होता. केंडांग हे तालवाद्य वाजवणारा डाव्या तळव्याने कातड्यावर दाब देत डग्ग्यावर काढावा तसा घुमारा काढत होता, आणि ओळींच्या मधल्या जागेत वादक व प्रेक्षक मिळून ठरलेल्या आरोळ्या देत होते. मग गृहस्थ एकेक करून मंचावर चढले आणि गायिकेच्या हातात नोटा ठेवत नाचू लागले. याला ‘सावेर’ म्हणतात; तमाशातली दौलतजादाच ती. गायिकेची नजर नोटांवर नव्हे, वादकावर खिळलेली होती. गायिकेच्या अंगविक्षेपांवरून तिथे वादही होतात. 2003 मध्ये गायिका इनुल दारातिस्ता यांच्या नृत्यावर खुद्द रोमा इरामांनी जाहीर टीका केली होती.

अशा कार्यक्रमांची तिकिटे नसतात आणि जाहिरातही स्थानिक इन्स्टाग्राम पानांपुरती असते. त्यामुळे निवासस्थानाच्या मालकाला विचारणे सर्वांत सोपे. नाचायचे असेल तर 2,000 आणि 5,000 रुपियाच्या नोटा खिशात ठेवाव्यात. मंचासमोर तरुणांची रेटारेटी होते, तेव्हा कुटुंबासह गेल्यास कडेला उभे राहावे. रमजानमध्ये रात्रीचे कार्यक्रम बरेच कमी होतात आणि ईदच्या आसपास रेल्वेची तिकिटे मिळत नाहीत. तो काळ टाळावा. भारतीयांना विमानतळावर 30 दिवसांचा व्हिसा 5,00,000 रुपियात मिळतो. शाकाहारींना तेंपे (आंबवलेल्या सोयाबीनची वडी) आणि ताहू (टोफू) सर्वत्र मिळतात, मात्र ठेच्यात तेरासी, म्हणजे आंबवलेल्या कोळंबीचा लगदा, असते, म्हणून आधी विचारून घ्यावे. मांडवातला कार्यक्रम मध्यरात्रीपर्यंत लांबू शकतो आणि तोवर जोग्जाला जाणारी शेवटची उपनगरी गाडी निघून गेलेली असते, त्यामुळे मुक्काम सोलोतच ठेवावा.